बोक्यांची रात्रपाळी

संक्रांतीनंतर दिवस तिळातिळाने मोठा होऊ लागल्याची खबर आमच्या सोसायटीत सर्वांत आधी पार्किंगमधल्या मांजरांना लागते. उजेड वाढला की मादीच्या शरीराला ऋतू पालटल्याची वर्दी मिळते आणि ती माजावर येते. थंड देशांत त्यामुळे तिचा हंगाम ठरलेला असतो. आपल्याकडे हिवाळ्यातही दिवस फारसा लहान होत नाही, त्यातून घरोघरी मध्यरात्रीपर्यंत दिवे जळतात. त्यामुळे हा हंगाम जवळजवळ वर्षभर रेंगाळू शकतो.

मग रात्री दोनच्या सुमारास तान्ह्या बाळाच्या रडण्यासारखा लांबलचक सूर उठतो. समोरच्या आजी त्याला अपशकुन मानतात, तर दुसऱ्या मजल्यावरचे काका पाण्याची बादली घेऊन गॅलरीत येतात. वास्तविक त्या आवाजात रडणे मुळीच नसते. दूरवरच्या बोक्यांना धाडलेले ते आवतण असते, आणि ते स्वीकारून आलेले दोन बोके समोरासमोर बसून जो घोगरा, चढत जाणारा आवाज काढतात, त्यात शक्यतो मारामारीवाचूनच प्रतिस्पर्ध्याला पिटाळण्याचा हेतू असतो.

घरात पाळलेली भाटी माजावर आली की माणसे अधिक घाबरतात. ती जमिनीला छाती टेकते, मागचा भाग उचलते, शेपूट एका बाजूला वळवते आणि मागचे पाय जागच्या जागी आपटते. हे पाहून पोटात दुखत असावे असे वाटून कोणी तिला माणसांचे पॅरासिटामॉल देऊ पाहतो. ते मांजराच्या जिवावर बेतते. तिला त्या वेळी कोणताही आजार झालेला नसतो.

दारे-खिडक्या लावून घेतल्या की प्रश्न मिटेल, ही समजूतही फार काळ टिकत नाही. मांजरीचे बीज सहसा समागमानंतरच सुटते. बोक्याच्या इंद्रियावरील मागे वळलेल्या बारीक काट्यांमुळे ती अखेरीस किंचाळते आणि त्याच उत्तेजनेने पुढील एक-दोन दिवसांत बीज बाहेर पडते. समागम झाला नाही, तर साधारण दोन-तीन आठवड्यांनी तीच मैफल पुन्हा भरते. झाला, तर सुमारे नऊ आठवड्यांनी पिल्ले होतात, आणि एकाच वेतातल्या पिल्लांचे बाप वेगवेगळे असू शकतात, ही बाब आजींना सांगण्याचे धैर्य मला अजून झालेले नाही.

खरा उपाय नसबंदीच्या शस्त्रक्रियेचाच आहे. पहिल्या माजापूर्वी, म्हणजे पाच महिन्यांच्या आसपास, ती करून घेतली तर मादीला पुढे स्तनांच्या गाठी होण्याचा धोकाही बराच कमी होतो. माज थांबवणाऱ्या गोळ्या स्वस्त वाटतात. परंतु त्यांनी गर्भाशयात पू होण्याची भीती असल्याने त्या मला कधीच पटल्या नाहीत.

आमच्याकडे वर्गणी काढून मोठ्या बोक्याला दवाखान्यात नेले आणि नसबंदी झाल्याची खूण म्हणून कानाचे टोक छाटलेल्या अवस्थेत परत आणून सोडले. शस्त्रक्रियेनंतरही बोक्याच्या अंगातला जुना जोर ओसरायला काही आठवडे जावे लागतात, हे वर्गणी मागताना कोणी सांगितले नव्हते. त्याच आठवड्यात तो भिंतीवर बसून पूर्वीच्याच तयारीने गायला, आणि दुसऱ्या मजल्यावरच्या काकांनी आपले पैसे परत मागितले.