टॉम कॉलिन्स, साखरेशिवाय

शनिवार, रात्री उशिरा

ताईला टॉम कॉलिन्स हे कॉकटेल मनापासून आवडतं. उंच ग्लास, भरपूर बर्फ, जिन, लिंबाचा रस, साखरेचा पाक आणि वरून सोडा. मधुमेहाचं निदान झाल्यावर तिने ते बंद केलं आणि त्याबद्दल एका शब्दाने कुरकुर केली नाही. मागच्या तपासणीत तिने डॉक्टरांना सरळ विचारलं. ते म्हणाले, कधीतरी एक पेग चालेल, पण जेवणासोबत, आणि गोड पेयात मिसळून नको. फोनवर मला म्हणाली, "म्हणजे जिन आणि सोडा. चालतंय की गं." तो "चालतंय की" माझ्या मनातून जाईना. तिला जे आवडतं तेच तिला मिळावं, त्याची उतरती आवृत्ती नको, असं वाटलं आणि आज संध्याकाळी बाटल्या काढून बसले.

आधी आकडे. प्रचलित प्रमाण असं: 45 मिली जिन, 30 मिली लिंबाचा रस, 15 मिली पाक, 60 मिली सोडा. निम्मी साखर, निम्मं पाणी असा पाक धरला तर 15 मिलीत साधारण 9 ग्रॅम साखर येते, म्हणजे 36 च्या आसपास कॅलरी. 45 मिली जिनमध्ये, 40 टक्के अल्कोहोल धरून, सुमारे 14 ग्रॅम शुद्ध अल्कोहोल असतं आणि त्याच्या कॅलरी जवळपास 100. साखर पूर्ण काढली तरी पाऊण भाग कॅलरी जागच्या जागी राहतात. वजन कमी करायचं म्हणून कोणी साखर नसलेलं कॉकटेल पीत असेल तर हे माहीत असलेलं बरं. ताईसाठी प्रश्न रक्तातल्या साखरेचा आहे, आणि तिथे ते 9 ग्रॅम महत्त्वाचे आहेत.

पाक वगळून त्या जागी सोडा वाढवून पाहिला. पहिल्या घोटाला नुसता आंबटपणा, पाठोपाठ अल्कोहोलचा चटका. जिनमधलं जुनिपर (जिनला तिचा खास वास देणारं फळ), धणे, लिंबूवर्गीय सालींचा वास, यातलं काही म्हणजे काही कळत नव्हतं. लिंबाच्या रसात 5 ते 6 टक्के आम्ल असतं, सोड्यातला वायू त्याला आणखी धार लावतो. साखर या सगळ्याला गोड करत होती हे उघडच आहे. शिवाय ती आम्लाची धार बोथट करत होती, अल्कोहोलचा चटका झाकत होती आणि पेयाला तोंडात जाणवेल असा दाटपणा देत होती. एक वस्तू काढली की चार कामं उघडी पडतात. गोडीसाठी साखरेऐवजी दुसऱ्या गोडव्याचे थेंब टाकून फक्त एक काम भागतं.

रविवार, दुपार

आज साखरेच्या जागी काय वापरायचं ते ठरवलं.

एरिथ्रिटॉलची गोडी साखरेच्या 60 ते 70 टक्के, कॅलरी जवळजवळ नाहीत, रक्तातली साखर वाढत नाही. मात्र गार पाण्यात ते कमी विरघळतं, त्यामुळे दाट पाक करून फ्रिजमध्ये ठेवला की तळाशी खडे धरतात. हे एक वेळ चालवून घेतलं असतं. पण 2023 मध्ये 'नेचर मेडिसिन'मध्ये आलेल्या अभ्यासात ज्यांच्या रक्तात एरिथ्रिटॉल जास्त होतं त्यांच्यात हृदयविकाराचा झटका आणि पक्षाघात यांचं प्रमाण जास्त दिसलं. नुसता संबंध दिसला, कारण सिद्ध झालेलं नाही. आपलं शरीर स्वतःही थोडं एरिथ्रिटॉल तयार करतं, त्यामुळे अर्थ लावणं सोपं नाही. तरीही मधुमेहात हृदयाची काळजी आधीच असते. ताईच्या ग्लासात मला ते नको.

अल्युलोज चवीला उत्तम, साखरेच्या सुमारे 70 टक्के गोड, आणि त्याचा पाकही चांगला होतो. पण त्याला सगळ्या देशांत मान्यता नाही. सुक्रालोज साखरेच्या 600 पट गोड आणि मला त्याची गोडी बेगडी वाटते. त्यावर अधिक वेळ घालवला नाही.

राहिला स्टीव्हिया. साखरेच्या 200 ते 300 पट गोड, काही थेंब पुरतात. जागतिक आरोग्य संघटनेने 2023 मध्येच वजन आटोक्यात ठेवण्यासाठी अशा गोडव्यांचा वापर करू नये असा सल्ला दिला होता, मात्र आधीपासून मधुमेह असलेल्यांना तो सल्ला लागू केलेला नाही. हे वाचून जरा निर्धास्त झाले.

संध्याकाळी स्टीव्हिया घालून ग्लास बनवला आणि एक गोष्ट लक्षात आली, जी आज मला सगळ्यात मोलाची वाटते. स्टीव्हियाची गोडी उशिरा येते आणि मग रेंगाळते. साखर आम्लाच्या बरोबरीने जिभेवर पोहोचते. इथे मात्र आंबट एकटं पुढे येतं, ते ओसरल्यावर गोड एकटं मागून येतं आणि शेवटी ज्येष्ठमधासारखी कडसर चव मागे राहते. गोडी कमी पडते आहे असं वाटून आणखी थेंब टाकले की ती कडसर चवच वाढते. म्हणजे उत्तर थेंबांत नाहीच. लिंबू कमी करायला हवं.

30 मिलीऐवजी 20 मिली रस घेतला आणि ग्लासाचा नूर पालटला. जिन पुन्हा जागेवर आली. पण तो मऊ दाटपणा अजून नव्हता.

रविवार, रात्री

जुन्या कृती चाळत बसले होते. जेरी थॉमस हा अमेरिकेतला नावाजलेला बारटेंडर. त्याच्या पुस्तकाच्या 1876 च्या आवृत्तीत टॉम कॉलिन्स आहे. त्याच्या दोनच वर्षं आधी, 1874 मध्ये, अमेरिकेत या नावाची एक खोडी गाजली होती: "टॉम कॉलिन्स पलीकडच्या बारमध्ये बसून तुझ्याबद्दल वाट्टेल ते बोलतोय," असं मित्राला सांगायचं आणि तो तावातावाने त्या नसलेल्या माणसाला शोधत फिरायचा. पेयाचं नाव त्यावरून पडलं की लंडनच्या लिमर्स हॉटेलातल्या जॉन कॉलिन्स या वाढप्यावरून, यावर वाद आहेत. माझं लक्ष मात्र त्या कृतीतल्या एका घटकावर खिळलं. थॉमस साधा पाक घेत नाही, 'गम सिरप' घेतो. गम म्हणजे डिंक! त्या काळचे बारटेंडर पाकात बाभळीच्या कुळातल्या झाडाचा डिंक घालायचे, पाकात खडे धरू नयेत म्हणून आणि पेय तोंडात रेशमी लागावं म्हणून.

म्हणजे दाटपणाचं काम साखरेशिवाय करणारी वस्तू या कॉकटेलच्या जुन्या कृतीतच होती.

मग तेच केलं. 20 ग्रॅम डिंकाची पूड 100 मिली कोमट पाण्यात थोडी थोडी भुरभुरत ढवळली. एकदम ओतली तर गुठळ्या होतात आणि त्या सुटता सुटत नाहीत. आता झाकून ठेवलं आहे. अरेबिक डिंक म्हणून मिळतो तोच घ्यायचा. डिंक कतिरा पाण्यात विरघळत नाही, फुगून त्याची जेली होते.

सोमवार

सकाळी डिंकाचं पाणी बारीक गाळणीतून गाळलं. फिकट मधाच्या रंगाचं, बोटाला किंचित चिकट. त्यात स्टीव्हिया घातला. बाटलीवर 'दोन चमचे साखरेइतके थेंब' असं जे प्रमाण असतं, त्याच्या दोन तृतीयांश इतकी गोडी दर 15 मिलीला येईल असा हिशेब धरला. लिंबू कमी केल्यामुळे तेवढी पुरते. एक सांभाळायचं: साखरेचा पाक टिकतो तो साखरेमुळेच. या पाकाला तसं संरक्षण नाही, म्हणून थोडाच करायचा, फ्रिजमध्ये ठेवायचा आणि काही दिवसांत संपवायचा.

जिनचं लेबलही वाचायला हवं. 'लंडन ड्राय' लिहिलेलं असेल तर युरोपीय नियमानुसार त्यात लिटरमागे 0.1 ग्रॅमपेक्षा जास्त साखर घालता येत नाही, म्हणजे नाहीच म्हणा ना. 'ओल्ड टॉम' ही जुन्या पद्धतीची गोडसर जिन. खरं तर टॉम कॉलिन्सचा तिच्याशी जुना संबंध आहे, पण ती ताईसाठी नाही. गुलाबी आणि फळांच्या स्वादाच्या जिनमध्येही बऱ्याचदा साखर असते. आणि सोड्याऐवजी टॉनिक वॉटर घेऊ नये. साध्या टॉनिकमध्ये साखर भरपूर असते.

वासासाठी पिवळ्या लिंबाची साल पातळ सोलून दोन तास जिनमध्ये बुडवून ठेवली. सालीतलं तेल अल्कोहोलमध्ये छान उतरतं. पांढरा भाग अजिबात येऊ द्यायचा नाही, तो कडू. आणि मिठाचं पाणी, 20 ग्रॅम मीठ 80 मिली पाण्यात, त्याचे दोनच थेंब. खारट लागत नाही, पण स्टीव्हियाचा कडवटपणा मीठ दाबून टाकतं. ही युक्ती मला फार आवडते.

ठरलेलं प्रमाण: सालीची जिन 45 मिली, लिंबाचा ताजा रस 20 मिली, डिंकाचा पाक 15 मिली, मिठाच्या पाण्याचे दोन थेंब. शेकरमध्ये बर्फाबरोबर थोडा वेळच हलवायचं, नाहीतर पाणचट होतं. उंच ग्लासात नवा बर्फ, त्यावर गाळून ओतायचं, मग 90 मिली अगदी गार सोडा कडेने. डिंकामुळे वर बारीक फेस येतो, आणि तो टिकतो. लिंबाच्या रसात स्वतःची थोडी साखर असतेच, 20 मिलीत अर्ध्या ग्रॅमच्या आसपास, तेव्हा अगदी शून्य म्हणता येणार नाही. पण 9 ग्रॅम कुठे आणि हे कुठे.

शुक्रवार

ताई आली. जेवायला बसल्यावरच ग्लास दिला, आधी नाही. याबाबतीत मी हट्टी आहे. यकृत अल्कोहोल निस्तरण्यात गुंतलं की रक्तात साखर सोडण्याचं त्याचं काम मंदावतं. इन्सुलिन किंवा साखर उतरवणाऱ्या काही गोळ्या चालू असतील तर साखर धोकादायक पातळीपर्यंत खाली जाऊ शकते, कधी कधी पिऊन काही तास झाल्यावर. घाम, थरथर, बोलणं अडखळणं ही लक्षणं बघणाऱ्याला दारू चढल्यासारखी वाटतात आणि मदत उशिरा मिळते. पेयात साखर नसली म्हणजे मधुमेहात ते निर्धोक झालं असं कोणी समजू नये. ताईच्या गोळ्यांबद्दल डॉक्टरांना आधी विचारून घेतलं होतं, आणि झोपण्यापूर्वी तिने साखर तपासली.

तिने एक घोट घेतला, ग्लास खाली ठेवला, पुन्हा उचलला. म्हणाली, "पूर्वीपेक्षा आंबट कमी आहे. पण जिनचा वास जास्त येतोय." मग जेवताना निवांतपणे संपवलं आणि म्हणाली, "आता जिमलेट कर."

जिमलेट, म्हणजे जिन आणि लिंबाचं कॉकटेल, अवघड आहे. त्यात लिंबाचं कॉर्डियल, म्हणजे रसाचं गोड सरबत, लागतं आणि कॉर्डियल उभंच आहे साखरेवर. लॉक्लिन रोज यांनी 1867 मध्ये लिंबाचा रस अल्कोहोलऐवजी साखरेने टिकवण्याच्या पद्धतीचं पेटंट घेतलं; त्याच वर्षी ब्रिटिश कायद्याने व्यापारी जहाजांवर स्कर्व्ही (क जीवनसत्त्वाच्या अभावाने होणारा आजार) टाळण्यासाठी लिंबाचा रस सक्तीचा झाला. पुढे 1930 मध्ये लंडनच्या सॅव्हॉय हॉटेलचे बारटेंडर हॅरी क्रॅडॉक यांनी दिलेल्या कृतीत अर्धी जिन आणि अर्धं कॉर्डियल आहे. अर्धा ग्लास साखरेचा असेल तर नुसतं लिंबू कमी करून भागणार नाही. हिरव्या लिंबाच्या साली गरम पाण्यात मुरवून त्याच पाण्यात डिंक विरघळवायचा, आंबटपणासाठी रस थोडा आणि सायट्रिक आम्लाची चिमूट, अशी सुरुवात करून बघेन. डिंकाचं प्रमाण इथे 20 ग्रॅमवरून 30 वर न्यावं लागेल असं वाटतं, कारण जिमलेटमध्ये सोडा नसतो आणि पातळपणा लगेच कळतो.