लहान लग्नात वधूवरांना बोहल्यापर्यंत आणताना: माझा अनुभव

आमच्या घरचं लग्न 45 माणसांत, सोसायटीच्या हॉलमध्ये करायचं ठरलं, तेव्हा जेवण, साड्या, रुखवत यांच्या याद्या पहिल्याच बैठकीत झाल्या. वधूवर बोहल्यापर्यंत कसे यायचे, याचा विचार मात्र कुणीच केला नव्हता. मोठ्या कार्यालयात ते निभावून जातं. तिथे मॅनेजर असतो, वाजंत्री असतात, धावपळीला चुलतभाऊ असतात. लहान लग्नात पाहुणे कमी म्हणजे हातही कमी. एकाच मावशीने औक्षणाचं ताट धरायचं, नवरीच्या मुंडावळ्या बांधायच्या आणि वर फोटोही काढायचे, असं होतं. मग ऐन वेळी सगळे तिची वाट बघत उभे. म्हणून आम्ही आधी माणसं वाटली. एका माणसाकडे एका वेळी एकच काम, आणि ज्याच्याकडे काम त्याच्याकडे कॅमेरा नाही.

वेळ आखायची ती मुहूर्तापासून मागे. आमचा मुहूर्त 11 वाजून 42 मिनिटांचा होता. मंगलाष्टकं बहुतेक शार्दूलविक्रीडितात असतात, म्हणजे ओळीला 19 अक्षरं आणि कडव्याला चार ओळी. ‘कुर्यात् सदा मंगलम्’ आणि ‘शुभमंगल सावधान’ धरून चालीवर म्हटलं की एका कडव्याला मिनिटभर लागतं. आठ कडव्यांची आठ मिनिटं, वर दोन मिनिटं हाताशी. म्हणजे 11:32 ला पहिलं कडवं सुरू व्हायला हवं, त्याआधी वर पाटावर उभा आणि अंतरपाट धरलेला हवा, आणि वधू 11:30 ला गौरीहरापासून निघायला हवी. घड्याळ एकच मानायचं, ते गुरुजींचं.

नातेवाइकांनी रचलेली मंगलाष्टकं असतील तर ती मधे घाला. सुरुवातीची दोन आणि शेवटचं ‘तदेव लग्नं सुदिनं तदेव’ गुरुजींकडेच राहू द्या. उशीर झाला तर मधलं एखादं गाळता येतं, वेळ उरला तर एखादं वाढवता येतं. घरच्या रचनांची कडवी लांबतात, शिवाय म्हणणाऱ्याचा गळा दाटून येतो. त्याला वेळ ठेवायलाच हवा, घाई करून तो क्षण वाया घालवू नये.

आता वराचं येणं. सीमांतपूजन आम्ही त्याच दिवशी सकाळी उरकलं होतं, त्यामुळे हॉलच्या दाराशी फक्त पाय धुणं, औक्षण आणि भाकरतुकडा ओवाळून टाकणं राहिलं. ताटात निरांजन, कुंकू, अक्षता, सुपारी, सोन्याची अंगठी. दाराजवळचा पंखा आधी बंद करा आणि निरांजनात घट्ट तुपात भिजवलेली फुलवात ठेवा. तेलातली पातळ वात वाऱ्याला टिकत नाही. पाय धुण्याचं पाणी परातीतच पडलं पाहिजे आणि टॉवेल घेऊन एकजण शेजारी हवा, नाहीतर ओल्या तळव्यांनी वर गुळगुळीत फरशीवर येतो आणि पाठोपाठ सगळी वरात घसरते. हे सगळं 15 मिनिटांत होतं. त्यानंतर वर थेट बोहल्यावर, मागे त्याची करवली करा घेऊन. करा म्हणजे पाणी, पानं आणि वर नारळ ठेवलेला तांब्या. तो काठोकाठ भरू नका. पाऊण भरला तरी पुरे, आणि नारळ डुगडुगत असेल तर पानं वाढवून घट्ट बसवा. करवली लहान असली तर करा तिच्या हातात बोहल्याजवळच द्यावा.

सगळ्यात जास्त विचार लागतो तो वधूच्या वाटेचा. आमच्याकडे गौरीहराची खोली ते बोहलं हे अंतर 40 फूट होतं. नऊवारीत, मुंडावळ्या डोळ्यांवर लोंबत असताना, मामाचा हात धरून हे अंतर चालायला एक मिनिट लागतं. खोलीचं दार तीन फुटी. त्यातून मामा आणि वधू शेजारीशेजारी निघत नाहीत. पदर कडीत अडकतो किंवा मामाचा खांदा चौकटीला लागतो. म्हणून दाराशी मामा अर्धं पाऊल पुढे, हात मागे, उंबरठा ओलांडल्यावर पुन्हा बरोबरीने, असं त्यांना चालून दाखवायला सांगितलं. पुढे दिवा घेतलेली करवली, तिच्यामागे चार पावलं सोडून वधू आणि मामा, बस्स. मागे मैत्रिणींची रांग लावू नये. त्या आधीच जागेवर बसलेल्या असल्या की वधू सगळ्यांना नीट दिसते.

पायघड्या घालायच्या असतील तर धोतराचं नुसतं कापड फरशीवर सरकतं. खाली पातळ सतरंजी घाला आणि कडांना दोन्ही बाजूंनी चिकटणारी टेप लावा. मुंडावळ्या मोत्यांच्या असोत वा फुलांच्या, त्यांची टोकं छातीच्या वर ठेवा. खाली गेली तर हार घालताना ती हारात गुंततात आणि सोडवायला दोन माणसं वर चढतात.

‘मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं’ ही गुरुजींची हाक येते तेव्हा वधू अजून आरशापुढे असेल तर पाच मिनिटं सभा थांबते. त्यामुळे एक माणूस गौरीहराच्या दाराशी आणि एक बोहल्याशी उभा केला. वधू उठून तयार झाली की आतल्याने हात वर करायचा, मगच बाहेरच्याने गुरुजींना खूण द्यायची. सनईची ध्वनिफीत मोबाइलवरून लावणाऱ्यानेही याच खुणेकडे बघायचं. पहिलं कडवं सुरू होताना सनई पूर्ण बंद हवी, आणि ती हळूहळू उतरवायला दहा सेकंद धरायची.

मामा नसतील तर मावशी, काका, मोठा भाऊ, कुणीही आणावं. आई एकटी असेल तर औक्षण तिनेच करावं, असं माझं ठाम मत आहे. तिला मागच्या रांगेत बसवून दुसरी सवाष्ण शोधण्याची गरज नाही. काही घरांत मुलीची आई मंगलाष्टकांच्या वेळी थांबत नाही, तुळशीला पाणी घालायला जाते. तिला काय हवं ते आधी तिलाच विचारा आणि त्याप्रमाणे खुर्ची ठेवा. सत्यशोधक पद्धतीच्या लग्नात मंगलाष्टकांत वधूवरच एकमेकांना वचनं देतात. ही लग्नं 1873 पासून होत आली आहेत. तिथे दोघं पूर्ण स्थिरावल्याशिवाय सुरुवात करता येत नाही, कारण धाप लागलेल्या माणसाला म्हणता येत नाही. पुण्याच्या ज्ञानप्रबोधिनीच्या पद्धतीत विधींचा अर्थ मराठीत सांगितला जातो, त्याचा वेळ पुरोहितांना विचारून आधीच वेगळा धरा.

अंतरपाटाबद्दल थोडं सविस्तर. वर 5 फूट 10 इंच आणि वधू 5 फूट 1 इंच असेल तर वरची कड वराच्या कपाळाच्या वर राहायला हवी, म्हणजे धरणाऱ्यांचे हात आठ मिनिटं खांद्याच्या वर. पाचव्या कडव्याला हात खाली येतात आणि दोघांची नजरानजर होते. आम्ही वरची कड दुमडून शिवून घेतली आणि त्यात बारीक काठी घातली. धरणारे दोघे एकाच उंचीचे निवडले. कापड कुठल्या बाजूने काढायचं ते आधी ठरवलं, कारण दोघांनी दोन दिशांना ओढलं तर काठी वधूच्या मुंडावळ्यांत अडकते.

अक्षतांसाठी 45 जणांना आठ वेळा चिमूट टाकायला अर्धा किलो तांदूळ पुरले. कुंकू ओलसर असेल तर अक्षतांचा रंग साड्यांना लागतो, म्हणून आदल्या दिवशी रंगवून सावलीत पूर्ण वाळवल्या. टोपली फिरवत बसू नका. कागदाच्या पुड्या करून खुर्च्यांवर ठेवा. लहान हॉलमध्ये लोक जवळून टाकतात, नेम डोळ्यांवर बसतो, त्यामुळे वर उडवायला सांगा.

हार ओल्या मलमलमध्ये गुंडाळून ताटात ठेवावेत आणि मंगलाष्टकं सुरू होण्यापूर्वी गाठी सोडून सरळ करावेत. शेवटच्या सावधानला अंतरपाट बाजूला झाला की आधी वधूने हार घालायचा, मग वराने. त्यानंतर गुरुजी पुढच्या विधीला बसवण्यापूर्वी घरच्या दोघांनी केरसुणीने बोहलं आणि वाट झाडून घ्यावी. गुळगुळीत फरशीवर सांडलेल्या अक्षतांवरून सप्तपदी चालणं धोक्याचं आहे.