खारकर आळीतला काळा कागद

मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर आईला टीव्हीवरची बारीक अक्षरं नीट दिसत नाहीत. म्हणून गेल्या रविवारी दुपारी मी तिच्या शेजारी बसले आणि सबटायटल्स वाचून मराठीत सांगायला लागले. सिनेमा होता 'द क्रेन्स आर फ्लाइंग', १९५७चा, सोव्हिएत दिग्दर्शक मिखाईल कलातोझोवचा. त्यातल्या नायिकेला, तात्याना सामोयलोवाला, मी कॉलेजात असताना पहिल्यांदा पाहिलं होतं. तेव्हापासून तो चेहरा आईला दाखवायचं मनात होतं.

पहाटे मॉस्कोच्या नदीकाठावर वेरोनिका, म्हणजे सामोयलोवा, आणि तिचा प्रियकर बोरिस धावताहेत आणि वरून क्रौंचांचा थवा चाललाय, तिथपर्यंत आई गप्प होती. मग युद्ध सुरू होतं. ब्लॅकआउट असतो म्हणून दोघं खिडकीवर घोंगडं लावायला लागतात, आणि आई ताठ बसली. "आम्ही काळा कागद लावला होता. खारकर आळीत."

१९७१चा डिसेंबर, पाकिस्तानशी युद्धाचा. ठाण्यातली खारकर आळी. आईचं नुकतंच लग्न झालेलं. बाबा वागळे इस्टेटमधल्या कारखान्यात दुसऱ्या पाळीला. भोंगा वाजला की चाळीतले सगळे दिवे बंद व्हायचे. स्टेशनकडून चालत येणाऱ्या माणसाला स्वतःचे पायसुद्धा दिसत नसत. आई अंधारात दाराशी उभी राहून जिन्यावरच्या चपलांचा आवाज ऐकायची. बाबांच्या डाव्या चपलेचा आवाज वेगळा यायचा म्हणे. हे तिने मला इतक्या वर्षांत कधी सांगितलं नव्हतं.

बॉम्बहल्ल्याच्या वेळी वेरोनिका भुयारी मेट्रोत आसऱ्याला असते. परत येते तर इमारत जळतेय. ती जिने चढत वर धावते आणि घराचं दार उघडते. दारापलीकडे घरच नाही. आई-वडील नाहीत. भिंतीवरचं घड्याळ मात्र चालू आहे, टिक् टिक्. सामोयलोवा तिथे ओरडत नाही. कानांवर हात दाबते, बस्स. खरं तर तिथे वाचायला सबटायटलच नव्हतं, तरी मी काहीतरी सांगत सुटले होते. आईने माझ्या गुडघ्यावर हात ठेवून मला थांबवलं.

त्यानंतर, बोरिस आघाडीवर असताना, त्याचा चुलतभाऊ मार्क तिच्यावर जबरदस्ती करतो आणि ती त्याच्याशीच लग्न करते. आई म्हणाली, "आता लोक हिलाच नावं ठेवणार." तसंच होतं. सैबेरियातल्या इस्पितळात एका जखमी सैनिकाला कळतं की त्याच्या प्रेयसीने दुसऱ्याशी लग्न केलं. डॉक्टर म्हणजे बोरिसचेच वडील. त्या सैनिकाची समजूत घालताना ते अशा बायकांवर तुटून पडतात, आणि वेरोनिका तिथेच उभी राहून ऐकत असते. तिच्या बाजूने बोलणारं त्या खोलीत कुणी नाही. सामोयलोवा मान खाली घालत नाही, दया मागत नाही. डोळे मोठे होत जातात आणि सगळा चेहरा कोरा पडतो. दुसरी एखादी नटी इथे रडली असती. ही रडत नाही, म्हणून आपल्याला श्वास घ्यायला त्रास होतो. सेर्गेई उरुसेव्स्कीचा कॅमेरा कितीही थोर असला, आणि बोरिस मरताना गरगर फिरणारी बर्चची झाडं मी जन्मात विसरणार नाही, तरी माझ्या मते सिनेमा उभा आहे तो या चेहऱ्यावर.

१९५८ साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात या सिनेमाला सर्वोच्च पारितोषिक मिळालं, आणि सामोयलोवाच्या कामाचा तिथे खास उल्लेख झाला. तेव्हा ती २४ वर्षांची होती. पाश्चात्त्य देशांतून कामं आली, पण सोव्हिएत अधिकाऱ्यांनी तिला जाऊ दिलं नाही. याचा मला मनापासून राग येतो. १९६०च्या दशकात तिने मोजकीच कामं केली. १९६७मध्ये 'आना कारेनिना'त आना झाली, तेव्हा आनाचा प्रियकर व्रोन्स्की याच्या भूमिकेत तिचा आधीचा नवरा वासिली लानोवोय होता. घटस्फोटाला तेव्हा बरीच वर्षं झाली होती. पुढे तिच्या तोलाच्या भूमिका तिला मिळाल्याच नाहीत म्हटलं तरी चालेल.

शेवटच्या प्रसंगात सैनिक परत येतात. वेरोनिका पांढरा झगा घालून, हात भरून फुलं घेऊन स्टेशनावर बोरिसला शोधते. तो येणार नाही हे कळल्यावर एकेक करून ती फुलं अनोळखी माणसांना देऊन टाकते. आईने डोळ्यांना पदर लावला.

"पुढे काय झालं गं तिचं?"

"मॉस्कोतच राहिली. २०१४मध्ये गेली. ४ मे, त्याच दिवशी तिचा ऐंशीवा वाढदिवस होता."

आई थोडा वेळ काही बोलली नाही. मग रिमोट माझ्या हातात दिला. "तो घड्याळाचा भाग परत लाव. आणि या वेळी सांगू नकोस काही."