कवडशाची नोंदवही: राजगड ते तोरणा

जानेवारीतल्या स्वच्छ रविवारी, संकटात उन्हाचा कवडसा पाडून दूरवर इशारा द्यायच्या आरशांची खरी चाचणी झाली. मी राजगडाच्या संजीवनी माचीवर, मित्र तोरण्यावर, मध्ये सरळ रेषेत साधारण ७ किलोमीटर. चाचणीसाठी तीन आरसे घेतले होते: २ बाय ३ इंची ॲक्रिलिक, तेवढाच जाळीवाला (नेम धरायच्या छिद्रात जाळी असलेला) पॉलिकार्बोनेट आणि साध्या छिद्राचा ३ बाय ५ इंची काचेचा.

ॲक्रिलिकवाला घरीच बाद झाला होता. ५० मीटरवरच्या सावलीतल्या भिंतीवर कवडसा पाडला, की आरसा सपाट आहे का ते लगेच कळतं. सूर्यबिंब आकाशात अर्ध्या अंशाचं, त्यामुळे तिथे अर्ध्या मीटरहून जरासा मोठा गोल उमटायला हवा. याचा लांबट, फिकट पट्टा आला. आरसा घेतलात तर आधी हे कराच.

सकाळी नऊला काहीच जमेना. तोरणा पश्चिमेला, सूर्य जवळजवळ पाठीशी. आरसा इतका तिरपा धरावा लागतो की प्रकाश झेलायला त्याची चिंचोळी पट्टीच उरते. चारच्या सुमाराला ऊन समोरून आलं आणि फोनवर आवाज आला, "दिसला, दिसला!" अंगावर काटा आला.

काचेची चमक मित्राला जास्त प्रखर वाटली, पण ती मधूनमधूनच पोचत होती. ७ किलोमीटरवर कवडसा जेमतेम ६५ मीटर रुंद असतो. आरसा अर्धा अंश हलला की किरण एक अंश सरकतो, म्हणजे तिकडे सव्वाशे मीटर. जाळीच्या छिद्रातून पाहिलं की एक तेजस्वी ठिपका दिसतो. तो लक्ष्यावर ठेवून आरसा हलकेच डोलवायचा, बस. हे एका हातानं होतं. दुसरा हात जायबंदी असेल तेव्हा याची किंमत कळेल. साध्या छिद्राला बहुधा दुसरा हात पुढे धरून दोन बोटांच्या बेचक्यात नेम घ्यावा लागतो.

म्हणून माझी निवड जाळीवाला पॉलिकार्बोनेट. काचेपेक्षा हलका, पडला तरी फुटत नाही. ओरखडे मात्र पटकन पडतात, म्हणून मऊ कापडाची पिशवी शिवली आणि दोरीनं सॅकच्या पट्ट्याला बांधला. पावसाळ्यात, ढगांत त्याचा उपयोग नाही, त्यामुळे शिट्टी आणि टॉर्च सॅकमध्ये कायम. गाडी चालवणाऱ्यांवर किंवा विमानांवर सराव करू नका.

पुढची चाचणी घळीच्या तळातून, जिथे ऊन तासभरच उतरतं.