एका फटक्याने

आज गोल्फ स्पर्धेत पुन्हा कट हुकला, म्हणजे पहिल्या दोन फेऱ्यांनंतर पुढे खेळणाऱ्यांत नाव आलं नाही. एका फटक्याने. 36 व्या होलवर चार फुटांवरून हलकेच ढकललेला चेंडू (पट) कपाच्या, म्हणजे खड्ड्याच्या, कडेला लागला, गर्रकन फिरला आणि बाहेर येऊन थांबला. मी उगाचच त्याच्याकडे बघत राहिलो.

छोट्या टूरवर (व्यावसायिक स्पर्धांच्या मालिकेत) कट हुकला की बक्षिसाच्या नावाने शून्य. एन्ट्री फी, प्रवास, हॉटेल सगळं आपल्याच खिशातून. कॅडी परवडत नाही, म्हणून 14 क्लबांची (गोल्फच्या काठ्यांची) बॅगही मीच ओढली. (खांद्याचं काय झालंय ते विचारू नका.) वर लोक म्हणतात, मजा आहे बुवा तुझी, खेळायचे पैसे मिळतात!

सोमवारी मोठ्या टूरच्या स्पर्धेची पात्रता फेरी. 18 होल, जागा मोजून चार. ग्लोव्ह वाळत घातलाय.