32 कीर्तनं, 4 फायली आणि एक अंडरस्कोर

कीबोर्डवर शून्याच्या शेजारी, शिफ्ट दाबलं की येतं ते अंडरस्कोर. गेला महिनाभर ते चिन्ह नुसतं दिसलं तरी माझं डोकं फिरतं. का ते सांगतो, आणि सांगता सांगता टर्मिनलमधून, म्हणजे कमांड टाईप करायच्या त्या काळ्या खिडकीतून, व्हिडिओ कसे उतरवायचे तेही सांगून होईल, कारण खरं तर ते अवघड अजिबात नाहीये, मी ते अवघड करून ठेवलं.

माझं आजोळ पाटण तालुक्यात, डोंगराच्या पार आत. मोबाईलची रेंज हवी असेल तर शाळेमागच्या टेकाडावर जाऊन उभं राहायचं. आजी 84 वर्षांची, गुडघे गेलेत, देवळापर्यंत जाणं होत नाही. गावच्या हरिनाम सप्ताहातली कीर्तनं मंडळाने युट्यूबवर चढवून ठेवलीत, 2017, 2018, 2019 आणि मग कोरोनात दोन वर्षं सप्ताहच झाला नाही म्हणून एकदम 2022. वर्षाला सात रात्रींची सात आणि शेवटच्या दिवशी काल्याचं एक, चार आठे बत्तीस. आजीला ती घरच्या टीव्हीवर पेनड्राइव्ह लावून बघायची होती, एवढीच मागणी.

परवानगीचं आधी सांगतो, नाहीतर कोणीतरी विचारणारच. मंडळाच्या अध्यक्षांना विचारलं, बुवांनाही मामांनी फोन केला, दोघेही म्हणाले खुशाल घ्या. मूळ रेकॉर्डिंग कोणाकडेच नव्हतं, मेमरी कार्ड पुढच्या वर्षी पुसून परत वापरलेलं. चॅनेल काढणारा पोरगा आता आखातात, तेव्हाचा नंबर बंद, पासवर्ड कोणाला माहीत नाही. तुमचं स्वतःचं चॅनेल असेल आणि लॉगिन चालू असेल तर पुढचं वाचूच नका, गुगल टेकआउटमधून स्वतः चढवलेले व्हिडिओ गुपचूप मिळतात. आणि दुसऱ्याचे, परवानगी नसलेले पिक्चर-बिक्चर उतरवायला मला विचारू नका, मी त्यात नाही.

तर वायटी-डीएलपी, म्हणजे युट्यूबचे व्हिडिओ कमांड देऊन उतरवणारं सॉफ्टवेअर. नेटवरच्या जुन्या लेखांत अजून युट्यूब-डीएल असं सापडतं, ते 2006 पासूनचं मूळ. 2020 च्या ऑक्टोबरमध्ये अमेरिकेतल्या संगीत कंपन्यांच्या संघटनेने नोटीस काढली म्हणून ते गिटहबवरून (सॉफ्टवेअरचे कोड ठेवायची साइट) काढलं होतं, नोव्हेंबरमध्ये परत आलं. पण पुढे त्याची हालचाल मंदावली आणि त्याच्याच फांदीतून निघालेलं वायटी-डीएलपी 2021 पासून लोक वापरतायत. मीही तेच टाकलं, जोडीला एफएफएमपेग टाकलं कारण बऱ्याच व्हिडिओंत चित्र वेगळं येतं आणि आवाज वेगळा येतो, ते दोन शिवायला एफएफएमपेगच लागतं. माझ्या जुन्या लॅपटॉपवर लिनक्स आहे. इन्स्टॉल वगैरे दहा मिनिटांत झालं, त्यात सांगण्यासारखं काही नाही. (कमांड मी उच्चाराप्रमाणे लिहितोय, टाईप अर्थात इंग्रजीत करायच्या.)

पहिली चाचणी म्हणून एकच कीर्तन उतरवलं, पेनड्राइव्हवर टाकून मामांकडे पाठवलं. फोन आला, "आवाज येतोय, चित्र नाही." हे लगेच कळलं. आपण वेगळं काही सांगितलं नाही तर हे सॉफ्टवेअर आपलं सगळ्यात भारी क्वालिटी उचलतं, आणि ती हल्ली व्हीपी9 नाहीतर एव्ही1 मध्ये, म्हणजे व्हिडिओ दाबून बसवायच्या नव्या पद्धतींत असते. मामांचा टीव्ही दहा वर्षांचा, त्याला चित्राची एच264 आणि आवाजाची एएसी या जुन्या पद्धतींच्या पलीकडे काही झेपत नाही. मायनस कॅपिटल एस देऊन पुढे व्हीकोडेक कोलन एच264, रेस कोलन 480, एकोडेक कोलन एएसी असं स्वल्पविराम देऊन लिहिलं की ते आपल्या आवडीचं आधी शोधतं. 480 पुरे झालं, दोन तासांचं कीर्तन साधारण 600 एमबीत बसलं. हो, आणि पेनड्राइव्ह फॅट32 या जुन्या फॉरमॅटमध्ये असेल तर एक फाइल 4 जीबीच्या वर जात नाही, जुने टीव्ही एक्सफॅट हा नवा फॉरमॅट ओळखत नाहीत, म्हणून हावरटपणा करून 1080 घेऊ नका.

मामांची दुसरी तक्रार मात्र मी हसण्यावारी नेली आणि तीच नडली. ते म्हणाले, "नाव दिसत नाही रे, नुसते चौकोन चौकोन दिसतात." टीव्हीत देवनागरी फॉन्ट नाही. म्हटलं एकच तर फाइल आहे, काय फरक पडतो.

मग प्लेलिस्टची लिंक देऊन सगळी 32 लावली आणि पहिल्याच फायलीला लाल अक्षरात एरर. एरर नंबर 36, फाइल नेम टू लाँग. पुढची, तीच एरर. तिसरी, तीच. मला वाटलं डिस्क भरली असेल, बघितलं तर 80 जीबी रिकामी. वाटलं फोल्डरचा रस्ता लांब असेल, म्हणून थेट होम फोल्डरमध्ये आलो. तेच. चाचणीचं ते एक कसं उतरलं मग? तर त्याचं नाव जरा आखूड होतं, हे नंतर कळलं. मामेभावाला म्हटलं तुझ्या लॅपटॉपवर बघ रे, त्याच्याकडे विंडोज, तो टेकाडावर जाऊन मोबाईलच्या नेटवर एक लावून आला आणि म्हणतो, "दादा, माझ्याकडं तर आलं की." आता यावर काय बोलणार. त्याला रोजचा दीड जीबीचा पॅक, त्यात दोन कीर्तनं जेमतेम, त्यामुळे त्याच्याकडून करून घेणं शक्य नव्हतं. आणि खरं सांगायचं तर आता माझ्या इगोवर आलं होतं.

दोन संध्याकाळी घालवल्यावर कारण सापडलं, आणि ते सापडलं तेव्हा राग आला की हे आपल्याला कोणी कधी सांगत कसं नाही. मंडळाने व्हिडिओला नाव देताना पत्रिकाच छापली होती. अखंड हरिनाम सप्ताह 2019, मग उभी रेघ, दिवस तिसरा, परत उभी रेघ, ह.भ.प. अमुक महाराज यांचे सुश्राव्य कीर्तन, मौजे अमुक. युट्यूब नावाला 100 कॅरेक्टर देतं, मंडळाने शेवटच्या वेलांटीपर्यंत वसूल केली होती. आणि लिनक्स फाइलच्या नावाला देतं 255 बाइट. मला वाटलं 100 कुठे आणि 255 कुठे, भरपूर झाले. पण कीर्तन हा शब्द घ्या. आपल्याला दिसतात तीन अक्षरं, की, र्त, न. मशीन मोजतं सहा, क, दुसरी वेलांटी, र, पाय मोडल्याची खूण, त, न, आणि यातल्या प्रत्येकाला यूटीएफ-8 मध्ये (मशीन अक्षरं साठवतं ती पद्धत) 3 बाइट. म्हणजे एका कीर्तनाला 18 बाइट. तोच शब्द इंग्रजी लिपीत लिहिला असता तर 6. असं करत करत नाव 255 च्या पार. विंडोजवाला बाइट न मोजता कॅरेक्टर मोजतो, म्हणून भावाकडे बिनबोभाट चाललं. इंग्रजी नावं ठेवणाऱ्याला ही अडचण आयुष्यात येणार नाही, म्हणून मदतीच्या पानांवर ती कुठेतरी कोपऱ्यात.

इथे मी स्वतःवर खूश होऊन मोठी चूक केली. ऑप्शनांची यादी वाचताना एक दिसला, डॅश डॅश रिस्ट्रिक्ट फाइलनेम्स, म्हणजे नावात फक्त साधी इंग्रजी अक्षरं ठेवा. म्हटलं वा, टीव्हीचे चौकोनही गेले आणि लांबीही गेली, एका दगडात दोन पक्षी. शिवाय नावाच्या शेवटी तो जो 11 अक्षरांचा आयडी येतो तो मला आवडत नव्हता, म्हणून मायनस ओ देऊन नाव म्हणजे फक्त टायटल आणि एक्स्टेन्शन असा साचा दिला. एक फाइल सुरू झालेली बघितली, टक्के पळतायत, रात्रीचे साडेअकरा, लॅपटॉप चार्जिंगला लावला आणि झोपलो. सकाळी उठून चहा ठेवायच्या आधी आजीला फोन केला, झालं गं सगळं, रविवारी घेऊन येतो.

मग फोल्डर उघडला. चार फायली.

32 लावल्या होत्या, 4. एकही लाल अक्षर नाही, एकही एरर नाही. टर्मिनलमध्ये वर वर सरकवत गेलो तर एकाच वाक्याची जपमाळ, ऑलरेडी बीन डाउनलोडेड, ऑलरेडी बीन डाउनलोडेड, मोजली, 28 वेळा. आणि त्या चार फायलींची नावं बघा, 2022 अंडरस्कोर टिंब अंडरस्कोर टिंब अंडरस्कोर टिंब. तसंच 2019 चं, 2018 चं, 2017 चं. तारायंत्रावरचा संदेश वाटत होता.

पाच-सात मिनिटं नुसता बघत बसलो तेव्हा उलगडलं. त्या ऑप्शनने देवनागरीचं प्रत्येक अक्षर काढून तिथे अंडरस्कोर ठेवला, काने-वेलांट्या तर सरळ गाळल्या, मग ओळीने आलेल्या अंडरस्कोरांचा एक केला आणि नावाच्या सुरुवातीचा-शेवटचा काढून टाकला. अखंड हरिनाम सप्ताह, अंडरस्कोर. दिवस तिसरा, महाराजांचं नाव, गाव, सगळं अंडरस्कोर. टिकलं काय, तर इंग्रजी आकड्यात लिहिलेलं साल आणि ह.भ.प. मधली तीन टिंबं. त्यामुळे एका वर्षाच्या आठही कीर्तनांचं नाव एकच झालं. पहिलं उतरलं, दुसऱ्याच्या वेळी त्याने बघितलं की अरे या नावाची फाइल तर आहे, म्हणजे झालेलं दिसतंय, चला पुढे. आयडी मी स्वतःच्या हाताने काढून टाकला होता, तो असता तर नावं घाण दिसली असती पण 32 च्या 32 आली असती. त्याची चूक नाही. पण एवढ्या अक्कलवान सॉफ्टवेअरने निदान खाकरायचं तरी.

त्यात ती चारही काल्याची निघाली. सप्ताह न करता चार वेळा काल्याचा प्रसाद. तेव्हा मला हे विनोदी वाटलं, असं का झालं हा विचार काही डोक्यात आला नाही.

तुम्ही हे करणार असाल तर एक गोष्ट करा, झोपायच्या आधी डॅश डॅश प्रिंट आणि पुढे फाइलनेम असं देऊन तीच कमांड एकदा चालवा. काहीही उतरवत नाही, फक्त कोणती फाइल कुठल्या नावाने ठेवणार ते छापून दाखवतं. एक-दोन मिनिटांचं काम. मला 32 ओळींत चारच वेगवेगळी नावं दिसली असती आणि एक रात्र वाचली असती. मराठी नावच ठेवायचं असेल तर साच्यात टायटलच्या कंसानंतर टिंब, 150 आणि कॅपिटल बी लिहा, म्हणजे ते 150 बाइटवर कापतं. डॅश डॅश ट्रिम फाइलनेम्स पण आहे पण ते कॅरेक्टर मोजतं, बाइट नाही, आपल्याला तिथे परत स्वतः तिनाने गुणत बसावं लागतं.

मी नावाचा नादच सोडला. प्लेलिस्टमधला क्रमांक, दोन आकडी, बस. 01 ते 32. आकडे टीव्हीला वाचता येतात. कोणत्या नंबरला कोणतं कीर्तन याची यादी डॅश डॅश फ्लॅट प्लेलिस्ट आणि प्रिंट वापरून वेगळी काढली आणि मामांना दिली, त्यांनी ती स्वतःच्या अक्षरात दोनशे पानी वहीत उतरवून घेतली.

या वेळी रात्रभर जागाच होतो जवळपास. मध्ये लाइट गेली, राउटर बंद पडला, तर सकाळी तीच कमांड परत दिली आणि अर्धवट पार्ट फाइल जिथे थांबली होती तिथून पुढे सुरू झाली, हे मात्र मानलं. डॅश डॅश डाउनलोड आर्काइव्ह देऊन एका टेक्स्ट फाइलचं नाव दिलं की झालेल्यांचे आयडी त्यात लिहून ठेवतं आणि परत हात लावत नाही, हे पहिल्या दिवसापासून वापरा. लिंक कायम अवतरण चिन्हात टाका, लिंकमध्ये अँडचं चिन्ह असतं आणि टर्मिनलला वाटतं कमांड तिथेच संपली, मग प्लेलिस्ट राहते बाजूला आणि एकच व्हिडिओ येतो. दोन व्हिडिओंमध्ये थोडं थांबायला सांगणारा स्लीप इंटरव्हल पण द्या, सलग ओरबाडलं तर समोरून दार बंद होऊ शकतं. आणि काही महिन्यांनी हेच करायला बसलात आणि 403 फॉरबिडन, म्हणजे समोरून नकार, आलं तर आधी व्हर्जन जुनं आहे का बघा, माझ्याकडे दहापैकी नऊ वेळा तेच असतं.

रविवारी गेलो. पेनड्राइव्ह लावला, 01 ते 32 ओळीने दिसले, चौकोन नाहीत, अंडरस्कोर नाही, माझी छाती फुगलेली. आजी पलंगावर उशीला टेकून बसली, हातात माळ. 01 लावलं. पखवाज सुरू झाला, समोर हंडी बांधलेली.

आजी म्हणाली, "आरं, ह्यो तर काला. पयला दिस कुठाय?"

मंडळाच्या प्लेलिस्टमध्ये सगळ्यात नवीन व्हिडिओ वर होता. म्हणजे 01 हा 2022 चा काला आणि 32 हा 2017 चा पहिला दिवस, सगळं उलटं. त्या चार फायली काल्याच्याच का होत्या ते आत्ता कळलं. नावात अपलोडची तारीख आधी घातली असती तर आपोआप ओळीने लागलं असतं. मी म्हटलं मामा, लॅपटॉप आणलाय, दहा मिनिटांत नंबर उलटे करून देतो.

मामांनी वही मांडीवर घेतली, 32 नंबरवर बोट ठेवलं. "राहू दे. मी सगळं पेनाने लिहिलंय, आता परत नाही लिहायचो. खालून वर वाचतो."