उघडिपीतली भूछत्रे

पुण्याचा पाऊस सलग पडत नाही. सह्याद्रीचा माथा ओलांडून येईपर्यंत ढगांनी आपले बहुतेक पाणी लोणावळा-मुळशीच्या पदरात टाकलेले असते आणि शहराच्या वाट्याला वर्षभरात सुमारे ७०० मिलिमीटर एवढाच पाऊस उरतो. तोही आज भुरभुर, उद्या एखादी जोराची सर, मग दोन दिवस नुसता कोरडा वारा अशा हप्त्यांनी येतो. माणसांना ही मधली उघडीप कपडे वाळवायला उपयोगी पडते. वेताळ टेकडीवर गिरिपुष्पाच्या झाडांखाली, कुजणाऱ्या पाचोळ्यावर जी नखाएवढी भूछत्रे उगवतात, त्यांचे काम मात्र या उघडिपीत सक्तीने बंद पडते. हा खंड ती कशी निभावून नेतात हे सांगणारे एक विशेषण कवकशास्त्रात, म्हणजे भूछत्रे आणि बुरशी यांच्या अभ्यासात, आहे, आणि ते शास्त्राबाहेर जवळजवळ कोणाच्याच कानावर पडलेले नसते: मार्सेसंट.

शब्द लॅटिनमधला, ‘कोमेजू लागणे’ अशा अर्थाच्या क्रियापदापासून आलेला. तो आधी वनस्पतिशास्त्रात रुळला आणि तिथे त्याचा अर्थ ‘सुकूनही गळून न पडणारा’ असा होतो. युरोपातल्या ओक आणि बीच या झाडांची पाने शरद ऋतूत तपकिरी होतात, पण पुष्कळदा वसंतापर्यंत फांदीलाच धरून राहतात; त्या पानांना हे विशेषण लावतात. इतके लांब जायचे नसेल तर मंडईतली कोवळी काकडी पाहावी. तिच्या टोकाला वाळून चिकटून राहिलेले फूल याच वर्गात मोडते. ते पान काय आणि ते फूल काय, दोन्ही निर्जीव झालेली असतात; फक्त निरोप घ्यायचा राहिलेला असतो. कवकशास्त्रज्ञांनी हाच शब्द उचलला आणि त्यात प्राण घातला, असे म्हणायला हरकत नाही. त्यांच्या भाषेत मार्सेसंट भूछत्र म्हणजे कोरड पडताच आकसून जाणारे, पण पाणी मिळाल्यावर पुन्हा मूळ आकारात येऊन बीजाणू सोडू लागणारे भूछत्र. शब्दकोशात हे दोन अर्थ एकाखाली एक मुकाट्याने छापलेले असतात, आणि पहिला वाचून थांबणाऱ्याचा समज नेमका उलटा होऊन बसतो.

हा गुण किती अपवादात्मक आहे हे इतर भूछत्रांकडे पाहिल्यावर कळते. पांढरी बटण अळंबी फ्रिजमध्ये चार दिवस राहिली की चिकट होते, काळवंडते आणि शेवटी केराच्या डब्यात जाते. तिला पाण्यात घालून काही साधत नाही. शेणखतावर उगवणारी कोप्रिनस गटातली भूछत्रे तर याहून घाईची असतात. बीजाणू तयार होताच ती स्वतःच्याच विकरांनी स्वतःला विरघळवतात आणि काही तासांत त्यांच्या जागी काळ्या शाईसारखा ओघळ उरतो. यात तोटा कोणाचाच नाही. कवकाचे खरे शरीर म्हणजे मातीत किंवा लाकडात पसरलेले तंतूंचे जाळे. वर दिसणारे छत्र हे बीजाणू वाऱ्यावर सोडण्यापुरते उभारलेले साधन असते. मांसल भूछत्र आपले पाणी स्वतःबरोबर घेऊन येते, ते संपायच्या आत काम उरकते आणि कुजून जाते. पाचोळ्यावरच्या पाच-सहा मिलिमीटर रुंदीच्या, कागदासारख्या पातळ छत्राला एवढे पाणी साठवायला जागाच नसते. त्याला ढगाच्या मर्जीवर राहावे लागते.

पाण्यावाचून काम का अडते, याचे उत्तर फार सुंदर आहे आणि इथे थोडे रेंगाळायला हवे. भूछत्राच्या खालच्या बाजूला पडद्यांसारखी जी पाती असतात, त्यांच्या पृष्ठभागावर बीजाणू बारीकशा टोकांवर बसलेले असतात. बीजाणू सुटायच्या वेळी त्याच्या बुडाशी एक सूक्ष्म जलबिंदू धरतो. बीजाणूच्या अंगावर पाझरलेल्या शर्करायुक्त द्रव्यांमुळे हवेतली वाफ तिथे थिजत जाते आणि बिंदू वाढतो. वाढता वाढता तो बीजाणूवर पसरलेल्या पाण्याच्या पातळ थराला टेकतो आणि क्षणार्धात त्यात मिसळून जातो. त्या हिसक्याने वजनाचा मध्य सरकतो आणि बीजाणू मिलिमीटरच्या अंशाएवढ्या अंतरावर उडवला जातो. दोन पात्यांच्या मधल्या पोकळीत यायला एवढी उडी पुरते. पुढचे काम गुरुत्वाकर्षण आणि वारा करतात. कॅनडात विनिपेगला आयुष्यभर भूछत्रांचा अभ्यास करणाऱ्या आर्थर हेन्री रेजिनल्ड बुलर यांच्या नावाने हा बिंदू ‘बुलरचा थेंब’ म्हणून ओळखला जातो. कोरड्या हवेत थेंब धरत नाही, थेंब धरला नाही की बीजाणू उडत नाही, आणि मग छत्र उघडे ठेवण्यात अर्थ उरत नाही. म्हणून उघडिपीत ते छत्र इतके आकसते की काळ्या दोऱ्याच्या टोकाला मारलेली गाठ वाटावी, आणि सकाळी फिरायला येणाऱ्यांच्या बुटांखाली जाईपर्यंत त्याची कोणी दखल घेत नाही.

आकसणे सोपे आहे. आकसूनही पेशी शाबूत राखणे कठीण. पेशीतले पाणी गेले की तिची आवरणे एकमेकांना चिकटतात, प्रथिनांच्या घड्या विस्कटतात आणि पुन्हा पाणी दिल्यावर हाती नुसता लगदा येतो. यावर कवकांच्या जवळ असलेल्या उपायांपैकी ट्रेहॅलोज नावाची एक साखर सर्वांत परिचित आहे. ती १८३२ मध्ये अर्गट या राय धान्यावर वाढणाऱ्या कवकात प्रथम सापडली. पाणी निघून जाताना ही साखर त्याची जागा घेते, आवरणांना आणि प्रथिनांना आधार देते आणि पेशीतला द्रव काचेसारखा घट्ट करून ठेवते. हिरवळीवर वर्तुळात उगवणाऱ्या मरास्मियस ओरिएडिस या भूछत्रात ती भरपूर असते. किराणा दुकानात पुडीतून मिळणारे सुके यीस्ट कोमट पाण्यात फसफसून उठते, त्यामागेही मोठा वाटा हिचाच आहे.

मरास्मियस हे नाव वर आलेच आहे, तर या विशेषणाच्या वैभवाच्या काळाबद्दल बोलायला हवे. एलियास मॅग्नस फ्रिस या स्वीडिश शास्त्रज्ञाने १८३८ च्या आपल्या वर्गीकरणात पांढरे बीजाणू आणि मधोमध चिवट देठ असलेली भूछत्रे दोन ढिगांत वाटली. सुकून पुन्हा उमलणारी ती मरास्मियस आणि तसे न करणारी ती कोलिबिया. एका वागणुकीवर त्याने प्रजातींमधली, म्हणजे अनेक जातींच्या गटांमधली, सीमा आखली होती. नाव निवडताना त्याने ‘झिजणे, क्षीण होणे’ अशा अर्थाचा ग्रीक शब्द घेतला. उपासमारीने बालकाचे शरीर वाळत जाते त्या विकारालाही वैद्यकात याच शब्दावरून मॅरास्मस म्हणतात. कोरड पचवण्यात जो सर्वांत तरबेज त्यालाच क्षयाचे नाव मिळावे, हे मला आजही थोडे अन्यायाचे वाटते.

सीमा पुढे टिकली नाही. मरास्मियसमध्ये घातलेल्या काही जाती पाण्याला अर्धवटच प्रतिसाद देत होत्या, आणि त्या ढिगाबाहेरच्या काही फार चांगला देत होत्या. सूक्ष्मदर्शकाने आणि नंतर डीएनएने नातीगोती तपासल्यावर बरीच फेरवाटणी झाली. ‘घोड्याचा केस’ या टोपणनावाची, काळ्या देठाची प्रसिद्ध जात आता जिम्नोपस या प्रजातीत गणली जाते. सुकून उठण्याची कला कवकांच्या वेगवेगळ्या घराण्यांनी स्वतंत्रपणे कमावलेली आहे, त्यामुळे ती कुळाचा पुरावा म्हणून चालत नाही. विशेषणाचा हुद्दा उतरला. वर्णनातली जागा शिल्लक राहिली.

या कलेतला खरा उस्ताद तर फ्रिसच्या ढिगाबाहेरचाच आहे. शिझोफायलम कम्यून हे नाव अवघड असले तरी वस्तू पुण्यात कोणीही पाहिलेली असते: रस्त्याकडेला तोडून टाकलेल्या फांद्यांवर ओळीने बसलेले राखाडी-पांढरे, लोकरी, देठ नसलेले छोटे पंखे. अंटार्क्टिका सोडून सर्व खंडांवर ते सापडते, आणि मणिपुरात तर ते कांगलायेन या नावाने आवडीने खाल्ले जाते. त्याचे प्रत्येक पाते लांबीत दुभंगलेले असते. हवा कोरडी झाली की दोन्ही अर्धुके बाहेर वळून आपापला बीजाणूंचा पृष्ठभाग झाकून घेतात, ओल आली की सरळ होतात. बुलर यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी याचे वाळवलेले नमुने निर्वात नळ्यांत बंद करून ठेवले होते. सुमारे पन्नास वर्षांनी ते उघडून भिजवले गेले, तेव्हा पाती उलगडली आणि बीजाणू पडू लागले. तोवर बुलर यांचे निधन होऊन बरीच वर्षे लोटली होती.

अशी एक वाळकी फांदी मी उन्हाळ्यात टेकडीवरून उचलून आणली आणि गॅलरीत ओल्या फडक्यावर ठेवली. संध्याकाळपर्यंत पंखे पसरले, रंग उजळला, खालची पाती गुलाबीसर दिसू लागली. शेजारच्या काकूंनी ते कौतुकाने पाहिले आणि ‘घरात बुरशी कशाला आणायची?’ असे विचारले, ज्याला माझ्याजवळ समाधानकारक उत्तर नव्हते. त्या फांदीने या विशेषणाचे वेगळेपण मला नीट दाखवले. ‘पिवळे’, ‘नरसाळ्याच्या आकाराचे’, ‘चिकट’ ही विशेषणे डोळ्यांनी आणि बोटांनी ठरतात. छायाचित्रावरूनही बरीचशी ठरवता येतात. मार्सेसंट हे पाहून ठरत नाही. त्यासाठी वस्तू आधी सुकावी लागते, मग भिजावी लागते, आणि मधल्या वेळात निरीक्षकाने थांबावे लागते. व्हॉट्सॲपवर फोटो टाकून ‘हे कोणते?’ असे विचारणाऱ्याला हा गुण कोणीही सांगू शकणार नाही.

स्वयंपाकघरात मात्र त्याचा आभास वारंवार होतो. चिनी पदार्थांत घालतात ती कानाच्या आकाराची काळी अळंबी पाकिटात सुकून कडकडीत झालेली असते आणि भिजवली की काही पट फुगते. २०२१ मध्ये म्युकरमायकोसिसला सगळीकडे ‘ब्लॅक फंगस’ म्हणू लागल्यावर, मेन्यूकार्डावर तेच नाव वाचून पुष्कळांनी हात आखडता घेतला. दोहोंचा एकमेकींशी काहीही संबंध नाही. ही अळंबी रानात फांदीवर असते तेव्हा खरोखरच सुकून पुन्हा जगते. पाकिटातली सुकी धिंगरी अळंबीही पाण्यात मऊ होते, पण उष्णता देऊन वाळवलेली असल्यामुळे तिच्यातले काही जिवंत उरलेले नसते. ती केवळ पाणी शोषते. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेत कवकशास्त्रज्ञ आजरेकर यांच्या नावाचा वाळवलेल्या कवकांचा संग्रह आहे. अशा संग्रहांतल्या जुन्या नमुन्याचा कण तपासताना तो पोटॅशियम हायड्रॉक्साइडच्या सौम्य द्रावणात ठेवतात, म्हणजे मिटलेल्या पेशी फुगून मोजता येतात. त्यालाही कोणी पुनरुज्जीवन म्हणत नाही.

तेव्हा फुगण्यावर भाळू नये. भिजवून उमललेले छत्र काळ्या कागदावर पालथे ठेवावे, वर वाटी झाकावी आणि सकाळी कागदावर पांढरी पूड पडली आहे का ते पाहावे. पडली असेल तर वहीत मार्सेसंट असे लिहावे. नसेल तर ‘पाण्यात ठेवल्यावर उलगडले’ एवढीच नोंद करून विशेषणाची जागा मोकळी सोडावी.